परत आलेले खेळ

१

झूल बाजूला सारून नलिनीनं बटण दाबलं, आणि पडद्यावर माकड नाचत आलं.

तिचा हात बटणावरच राहिला. हे माकड इथं असायला नको होतं. पोळ्याच्या सकाळी तिनं स्वतःच्या हातानं ते काढून टाकलं होतं. ते, त्याच्यासोबतची पळणारी मोटार आणि विटा फोडणारा चेंडू. नागपूरच्या दुकानदारानं कॉम्प्युटर विकताना हे तीन खेळ कोणी न मागता आत भरून दिले होते. मशीन सुरू केलं की आधी त्याच्या दुकानाचं नाव, मग माकड, मग कोणता खेळ खेळता असा इंग्रजीतून प्रश्न. पांढुर्ण्याच्या संत्रा बागायतदारांच्या संस्थेत हे काही शोभत नव्हतं. त्यात छिंदवाड्याहून मोठे साहेब मशीन बघायला येणार असा निरोप आला, तेव्हा तिला कौतुकानं सूनबाई म्हणणाऱ्या अध्यक्ष नत्थूजींनी फर्मान काढलं होतं, "सूनबाई, हे वानर पहिले हाकल इथून."

तिनं हाकललं. एकेक खेळ बघून, नाव दोनदा वाचून. त्यानंतर लगेच नत्थूजींनी मशीनची पूजा केली. पोळ्याला बैलाला जू नाही, मग आपल्या संस्थेतल्या या नव्या बैलाला तरी काहून, असं म्हणत त्यांनी पडद्याला हळद लावली, फ्लॉपी घालायच्या फटीवरच्या खिट्टीला अंगठाभर ओलं कुंकू लावलं आणि घरून आणलेली आरशांची झूल वर पांघरली. आता गोटमार होईपर्यंत याला कोणी हात लावायचा नाही, अशी ताकीदही दिली. दुसऱ्या दिवशी गोटमारीची, नदीच्या दोन काठांवरून एकमेकांना गोटे मारायच्या जत्रेची, छुट्टी. आज दफ्तर उघडलं ते थेट आता.

नलिनीनं माकडाला बाजूला सारलं आणि बागांची नोंद उघडायला गेली. तिगाव, मोहगाव, बोरगाव, सगळ्या गावांतल्या बागा, कोणाची झाडं किती जुनी, कोणाच्या झाडांवर कोळशी हा काळा रोग पडला, हे सगळं उन्हाळ्यापासून तिनं एकटीनं मशीनमध्ये चढवलं होतं. उद्या साहेबांना तेच दाखवायचं होतं.

मशीननं उत्तर दिलं: अशी फाईल नाही.

तिनं पुन्हा टाईप केलं. पुन्हा तेच. मग तिनं मशीनमध्ये काय काय आहे ते सगळं मागवलं. दुकानदारानं दिलेलं सामान जिथल्या तिथं होतं. तीन खेळही होते. तिनं केलेलं मात्र एक अक्षर उरलं नव्हतं.

मागं दारात कोणीतरी उभं होतं. किती वेळापासून, ते तिला कळलं नाही.

२

दारात गुणवंता होता, संस्थेचा कारकून. डोक्याला कपाळापासून कानापर्यंत पांढरी पट्टी, आणि पट्टीखाली आनंदानं फुललेलं तोंड.

"अरे बापा, माकड परत आलं," तो म्हणाला. "मॅडम, मले वाटे तुम्ही कायमचं पाठवलं."

त्याच्या मागून मॅनेजर मधुकरभाऊ आत आले. इस्त्रीचा सदरा, हातात छत्री. पोळ्याच्या आदल्या संध्याकाळीच ते बोरगावला आपल्या घरी गेले होते. पडद्याकडं बघत त्यांनी विचारलं, "परत म्हणजे? गेलं कुठी होतं?"

"काढले होते ना खेळ," नलिनी म्हणाली. "पोळ्याच्या सकाळी. अध्यक्षजींनी सांगितलं म्हणून."

मधुकरभाऊंनी छत्री खुंटीला लावली. रुमाल काढून मान पुसली. मग तिच्याकडं न बघता म्हणाले, "आन् बागांची नोंद?"

"नाहीये."

"म्हणजे खेळ काढता काढता तेही पुसलं तुम्ही."

हाच विचार नलिनीच्या मनात आधी आला होता. पोळ्याच्या त्या सकाळी तिच्या तान्ह्या लेकीचं, मीनूचं, अंग तापलेलं होतं, दात येत होते. सौंसरहून पहिली बस धरून ती आली होती आणि परतीची बस चुकू नये म्हणून सारखी घड्याळ बघत होती. डोळे पडद्यावर आणि जीव घरी. हात सुटला असेल तर?

नत्थूजी आले तोवर बातमी त्यांना रस्त्यातच कळली होती. पांढरं धोतर, काळी टोपी, चालण्यात बागेतल्या माणसाचा सावकाशपणा. त्यांनी माकड पाहिलं, रिकामा पडदा पाहिला आणि खुर्ची ओढून बसले.

"काय होऊन राहिलं हे?"

"मॅडमकडून पुसल्या गेलं," मधुकरभाऊ म्हणाले. "नवीन आहेत. घरी लेकरू लहान. होते असं."

त्या समजूतदार आवाजानं नलिनीच्या मनात काहीतरी टोचलं. "मी खेळ पुसले होते," ती म्हणाली. "ते तर इथंच आहेत. जे पुसलं ते आहे आन् जे नाही पुसलं ते गेलं, हे कसं?"

गुणवंता पट्टी खाजवू लागला.

नत्थूजींनी टोपी काढून गुडघ्यावर ठेवली. "पाह्य सूनबाई. साहेब उद्या येऊन राहिले. तुझ्या नोकरीची पक्की ऑर्डर त्यायच्यासमोरच देऊ म्हटलं होतं मी. आता ते पहिले विचारतीन का कोनं पुसलं. एक नाव त द्याच लागन. दुसरं नाव भेटलं नाही, त तुझं देईन मी. मंग ऑर्डर नाही. आन् छिंदवाड्यापर्यंत कोनी तुले मशीनपाशी उभं करनार नाही, हे तुले समजते."

तिला समजत होतं. हातात वेळ होता तो उद्या दुपारपर्यंत.

३

सगळे बाहेर गेल्यावर नलिनी झूल हातात घेऊन उभी राहिली. मशीन ती रोज पुसायची. त्याच्या अंगावरचा ओरखडा न् ओरखडा तिला ठाऊक होता. म्हणून ती वाकली आणि फ्लॉपीच्या फटीकडं बघू लागली.

नत्थूजींनी खिट्टीला अंगठाभर कुंकू लावलं होतं, गोल, मध्ये अक्षत चिकटवलेलं. आता तो गोल मधून फाटला होता. खिट्टी फिरली होती. कुंकवाचा लाल ओघळ फटीच्या आतपर्यंत गेला होता.

खेळ काढायला फ्लॉपी लागत नाही. आणि तिनं खेळ काढले त्यानंतर तर पूजा झाली होती.

म्हणजे पूजेनंतर कोणीतरी इथं बसलं होतं.

तिनं कपाट उघडलं. दुकानदाराच्या फ्लॉप्यांची पेटी वरच्या कप्प्यात नेहमीच्या जागी होती. मशीन आणलं त्या दिवशी दुकानाचा इंजिनियर प्रकाश याच पेटीतून एकेक फ्लॉपी घालत गेला होता, आणि मशीन आपोआप स्वतःला भरत गेलं होतं. पहिली फ्लॉपी तिनं पाकिटातून बाहेर काढली. कडेला लाल बोट उमटलं होतं. दुसरीला थोडं कमी. तिसरी स्वच्छ.

पेटीत दुकानाचं सामान होतं तसं खेळही होते. पेटी घातली की खेळ येणारच. कोणी खेळ परत आणले नव्हते. कोणीतरी मशीन पूर्ण कोरं करून पुन्हा भरलं होतं, आणि माकड त्यासोबत आलं होतं.

तिनं नागपूरला ट्रंक कॉल लावायला सांगितला. बराच वेळ खरखर झाल्यावर दुकानातून उत्तर आलं, प्रकाश बैतुलकडं गेलाय, परवाशिवाय भेटत नाही.

गुणवंताला तिनं बाहेर पायरीवर गाठलं.

"गुणवंताभाऊ, तुम्ही होते का इथं गोटमारीच्या दिवशी?"

"मी?" त्यानं पट्टीकडं बोट दाखवलं. "मी नदीवर होतो मॅडम. पलीकडच्या काठावरचे आन् आमचे, सकाळीच जुंपली. पहिलाच गोटा मले. त्यानंतर दिवसभर सरकारी दवाखान्यात. टाके पडले."

"कोणी नेलं दवाखान्यात?"

"ते नका विचारू." त्यानं दफ्तराच्या दाराकडं एक नजर टाकली. "नेलं एकानं. त्याची नोकरी जाईन."

"खेळ परत पाहून खूश झाले तुम्ही."

"झालो ना. मंग पाहिलं आन् जीव खाली गेला. माकडाच्या खेळात, पॉइंटच्या यादीत, सर्वात वर माझं नाव होतं, जी-यू-एन. उन्हाळाभर मेहनत केली होती मी. आता पाहिलं त वर तीन अक्षरं, पी-आर-के. तो नागपूरचा प्रकाश. माझं नावच नाही." तो खरोखर दुखावलेला होता. "कोनाले माझ्याशी काय दुश्मनी होती कोन जाने."

नलिनीनं ते मनात ठेवलं. गुणवंतानं खेळांची आपली एखादी नक्कल लपवून ठेवली असती, तर त्याचं नाव त्यात असतं. हे खेळ अगदी दुकानातून आल्यासारखे होते.

चौकीदार तुळशीराम माठाजवळ बसून बिडी ओढत होता. तिला येताना बघून त्यानं बिडी विझवली.

"तुळशीरामभाऊ, पोळ्याच्या रात्री इथं कोण होतं?"

"मी होतो ना बाई. इथंच झोपलो."

"आन् गोटमारीच्या दिवशी?"

"मीच होतो. हललो नाही इथून. पाणी प्यायलेही नाही गेलो."

"कोणी आलं नाही?"

"चिडी आली नाही."

तो इतक्या लवकर आणि इतक्या ठामपणे बोलला की नलिनीला ते खटकलं. हा हलला नसेल, तर मशीनवर बसणारा एकच माणूस उरत होता. आणि तुळशीरामला तर मशीनची चालू-बंदची कळसुद्धा माहीत नव्हती.

किंवा माहीत नाही असं तो दाखवत होता.

४

सौंसरच्या बसमध्ये तिनं खिडकीला डोकं टेकवलं आणि एकेकाचं तोंड डोळ्यांपुढं आणलं. गुणवंता दवाखान्यात, पण नेलं कोणी ते सांगत नाही. तुळशीराम दफ्तरात, पण खोटं बोलतोय. मधुकरभाऊ बोरगावला, आज सकाळीच आल्याचं सांगतात. नत्थूजी स्वतः? ज्यानं खेळ काढायला लावले तोच कशाला परत आणेल? तिला आता सगळ्यांचाच संशय येऊ लागला होता, स्वतःचासुद्धा.

घरी तिचा नवरा विजय कंदील पुसत बसला होता. तो सौंसरच्या शाळेत मास्तर. त्यानं सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाला, "कुंकवाचं ठीक आहे गं. पण ते म्हणतील, तूच पुसलंस, घाबरलीस आन् तूच पेटी घालून पुन्हा भरलंस."

"मी?"

"मी नाही म्हणत. ते म्हणतील. मी म्हणतो, चूक झाली म्हण आन् मोकळी हो. पोरगीही सारखी आजारी असते."

ती आत गेली. शेजारच्या अंबाबाई मीनूला मांडीवर घेऊन बसल्या होत्या. दिवसभर त्याच बघत. बाटलीत गाईचं दूध होतं, आणि मीनूनं नुकतंच ते सगळं ओकून टाकलं होतं.

"काकू, गाईचं दूध नाही द्यायचं ना आता," नलिनीचा आवाज चढला. "डॉक्टरांनी परवाच बंद केलं."

"मले कोनी सांगतलं बंद केलं म्हनून?" अंबाबाई म्हणाल्या. "मी माझ्या नणंदेच्या घरी होती ना पोळ्याले. आली, चुलीवर दूध दिसलं, रोजच्यासारखं देल्लं. माहीत असतं त कशाले देलं असतं? उलट तू दोष देशीन म्हनून बाटली लपवलीच असती."

नलिनी मीनूचं तोंड पुसत होती. तिचा हात थांबला.

माहीत असतं तर दिलं नसतं.

तिनं मीनूला छातीशी धरलं आणि तशीच उभी राहिली. ज्यानं पेटी घातली त्याला मशीन 'होतं तसं' करायचं होतं. कोणाला काही कळू नये म्हणून. मग माकड कशाला ठेवलं? माकड बघताच सगळे ओरडणार, हे त्याला कळलं नाही? खेळ काढायला फारसा वेळ लागत नाही. त्यानं काढले नाहीत, कारण त्याच्या लेखी मशीनमध्ये खेळ होतेच.

खेळ गेलेत हे ज्याला माहीत नव्हतं, तो माणूस.

"काय झालं?" विजयनं दारातून विचारलं.

"काही नाही," ती म्हणाली. "उद्या पहिल्या बसनं जाते."

५

सकाळी तिनं पहिल्यांदा तुळशीरामला गाठलं. आज तिनं प्रश्न विचारला नाही. नुसतं सांगितलं.

"गुणवंताभाऊला दवाखान्यात तुम्हीच नेलं."

तुळशीरामचा हात बिडीच्या कट्ट्यावर राहिला.

"मी अध्यक्षजींना सांगणार नाही तुम्ही नदीवर गेले होते म्हणून, दवाखान्यात होते एवढंच सांगेन. पण दफ्तराची चाबी कुठं ठेवली ते सांगा."

त्यानं कट्टा खिशात घातला. "गोटमार पाहाले कोन जात नाही बाई. सकाळी थोडं जाऊन येतो म्हटलं. पाहतो त गुणवंता खाली पडून राहिला, सारं रगत. खांद्यावर घेतलं आन् नेलं. त्याची माय येईपर्यंत तिथंच होतो. चाबी नेहमीच्या जागी, माठाच्या तिवईखाली."

"ही जागा कोणाकोणाला माहीत?"

"दफ्तरातल्याच लोकायले. तुम्हाले, गुणवंताले, मॅनेजरसाहेबाले. अध्यक्षजीपाशी त त्यायची वेगळी हाय."

नलिनी सरळ नत्थूजींच्या खोलीत गेली. मधुकरभाऊ तिथंच बसले होते, साहेबांच्या स्वागताचे हार मोजत.

"अध्यक्षजी, नाव भेटलं," ती म्हणाली.

नत्थूजींनी टोपी सरळ केली. "बोल."

तिनं कुंकवाची फ्लॉपी टेबलावर ठेवली. ती सावकाश, एकेक शब्द सुटा करत बोलली. "तुम्ही लावलेलं कुंकू आहे हे. म्हणजे पूजा झाल्यानंतर कोणीतरी ही पेटी घातली. ही पेटी मशीन पूर्ण कोरं करून नव्यानं भरते. खेळ तिच्यात असतात. नोंद नसते. म्हणून खेळ आले आन् नोंद गेली."

"ते गुणवंतानं केलं असन," नत्थूजी म्हणाले. "त्यालेच खेळाचं येड."

"गुणवंताभाऊ आन् तुळशीरामभाऊ दोघं दिवसभर दवाखान्यात होते. दवाखान्यातले सांगतील. आन् पोळ्याच्या रात्री तुळशीराम इथं झोपला होता. म्हणजे झालं ते गोटमारीच्या दिवशीच झालं, आन् चाबीची जागा माहीत असलेल्यानंच केलं. ती जागा मलाही माहीत आहे. म्हणून मी स्वतःलाही त्यात धरते."

"मंग?"

"पेटी घालणाऱ्यानं खेळ तसेच ठेवले. साहेब येणार, खेळ दिसले की सगळे बोंबलणार. गुणवंताला हे माहीत होतं. तुळशीराम पूजेच्या वेळी नारळ घेऊन उभा होता, त्यालाही माहीत होतं. तुम्ही तर हुकूमच दिला होता. मी काढले होते. आमच्यापैकी कोणी हे लपवायला बसलं असतं, तर पहिलं काम खेळ काढायचं केलं असतं. ज्यानं ठेवले, त्याला ते गेल्याचं माहीतच नव्हतं. त्याच्या हिशेबानं मशीन जसंच्या तसं झालं होतं."

तिनं मधुकरभाऊंकडं पाहिलं. मोजलेले हार त्यांच्या हातातून सुटून टेबलावर पडले होते.

"पोळ्याच्या सकाळी या दफ्तरात एकच माणूस नव्हता. काल सकाळी गुणवंता म्हणाला, माकड परत आलं. आम्हाला कोणाला त्याचा अर्थ विचारावा लागला नाही. तुम्ही विचारलं, मधुकरभाऊ. परत म्हणजे, गेलं कुठी होतं? तेव्हा मला वाटलं, तुम्ही गावाला होते, तुम्हाला कसं माहीत असणार. तेच खरं होतं. तुम्हाला माहीत नव्हतं."

मधुकरभाऊंनी पडलेले हार पुन्हा गोळा करायला घेतले.

"हा काही पुरावा नाही," मधुकरभाऊ म्हणाले. पण आवाज त्यांचा नव्हता.

"प्रकाश उद्या परत येतोय," नलिनी म्हणाली. "ट्रंक कॉल लावून ठेवलाय मी. पेटी कशी घालायची हे गोटमारीच्या दिवशी त्याला फोनवर कोणी विचारलं, हे तो सांगेलच. तुम्ही आधी सांगितलं तर बरं."

हे ती बोलून गेली आणि तिलाच धक्का बसला. कॉल लावला होता हे खरं. प्रकाशला कोणी फोन केला होता का, हे तिला ठाऊक नव्हतं. मधुकरभाऊ काय करतात ते बघण्यासाठीच ती बोलली होती.

मधुकरभाऊंची मान खाली गेली.

६

"मले नाही येत हे मशीन," ते म्हणाले. बोलणं नत्थूजींशी होतं आणि नजर फरशीवर. "बावीस वर्षं झाली मले संस्थेत. साहेब येऊन विचारतीन, मॅनेजरसाहेब, चालवून दाखवा. मी काय दाखवणार? या पोरीनं केलं ते दाखवणार? गोटमारीच्या दिवशी कोनी नसते दफ्तरात. सकाळीच बोरगावहून आलो. पुस्तकातला पहिला धडा होता, फ्लॉपी तयार करा. कोरी फ्लॉपी नव्हती."

"मी मागितल्या होत्या," नलिनी म्हणाली. "तुम्ही पुढच्या महिन्यात पाहू म्हणाले."

"हाव. मीच म्हटलं होतं." त्यांनी रुमाल काढला, पण पुसलं काहीच नाही. "पुस्तकात फॉरमॅट लिहा म्हणे आन् पुढं ड्राइव्हचं अक्षर. पडद्यावर सी दिसून राहिलं होतं, तेच लिहिलं. त्यानं इंग्रजीत एक मोठं काहीतरी विचारलं, शेवटी वाय का एन. मी वाय दाबलं. मंग मशीन सुरूच होईना. मेलो मी त्या दिवशी. प्रकाशले घरी फोन लावला. तो म्हणे पेटी टाका, आला होता तसा होईन. झाला तसा. मले वाटलं, सारंच आलं परत. बागांची नोंदबी."

"आन् काल सकाळी कळलं तेव्हा?"

मधुकरभाऊ रुमालाची घडी करू लागले. नत्थूजींनी घसा खाकरला. ते मधुकरभाऊंना पोरवयापासून ओळखत होते, आणि आता नत्थूजी कोणत्या बाजूला झुकतायत हे नलिनीला स्पष्ट दिसत होतं.

"सूनबाई, तू साफ सुटलीस, हे झालं," ते म्हणाले. "आता साहेबाले सांगू का बिजली गेली, झटका बसला, पुसल्या गेलं. कोनाचंच नाव नको. तुले ऑर्डर देऊन टाकतो मी चार दिवसांनी."

"बिजली गेली म्हटलं, तर साहेब विचारतील मशीन कोण सांभाळते," नलिनी म्हणाली. "ते कागदावर माझंच नाव लिहून नेतील. चार दिवसांनी ऑर्डर नाही येणार, अध्यक्षजी. मी घरी चुलीवरचं दूध राखत बसेन."

नत्थूजींनी तिच्याकडं जरा चकित होऊन पाहिलं. घरात इतकं सरळ बोलणारी सून त्यांनी पाहिली नव्हती.

"मंग काय म्हनते तू?"

"साहेबांना खरं सांगा. मधुकरभाऊंनी सांगावं, स्वतःच्या तोंडानं. मॅनेजर मशीन शिकत होते, चूक झाली, नोंद पुन्हा चढवतो. शिकताना चूक होते, ते माणूस समजून घेते. लपवलं ते नाही समजून घेत."

मधुकरभाऊंनी मान वर केली नाही, पण होकारार्थी हलवली.

दुपारी साहेब आले, हार घातले गेले, खेळ पुन्हा काढून टाकलेल्या मशीनपुढं सगळे उभे राहिले. मधुकरभाऊ बोलले, अडखळत, मध्येच थांबत. साहेब ऐकत राहिले आणि शेवटी म्हणाले, "अच्छा हुआ कि सीखने बैठे. बाकी मॅनेजर तो बैठते ही नहीं." मग त्यांनी बागांविषयी चौकशी केली आणि जीपमध्ये बसून निघून गेले. नत्थूजींच्या तोंडावरचा ताण सैल झाला.

"झालं ना," ते म्हणाले. "उद्या ऑर्डर काढू."

"आज," नलिनी म्हणाली. "आन् ती मधुकरभाऊ टाईप करतील. मशीनवर. मी बाजूला बसते."

गुणवंतानं पट्टीखालून डोळे मोठे केले. मधुकरभाऊंनी सदऱ्याच्या बाह्या दुमडल्या आणि खुर्चीत बसले, परीक्षेला बसल्यासारखे.

तिनं त्यांना पान कसं उघडायचं ते दाखवलं. त्यानंतर ती हात मांडीवर ठेवून बसली. ते एका बोटानं टाईप करत होते. संस्थेचं नाव लागलं, तारीख लागली. पुढं तिचं नाव होतं.

"एन कुठी आहे?" त्यांनी विचारलं.

"आहे तिथंच," ती म्हणाली. "शोधा."

मधुकरभाऊंचं बोट अक्षरांवरून सावकाश फिरत गेलं. नलिनी त्या बोटावरून नजर हलवत नव्हती. बाहेर सौंसरची बस हॉर्न देऊन निघून गेली, तरी ती उठली नाही.